कोणत्या शंभरावर?

शाळेत व्याजाची गणितं सुरू झाली की प्रत्येक उदाहरणात एक अक्षरमाळ हमखास यायची: द.सा.द.शे. दर साल दर शेकडा. मुद्दल गुणिले दर गुणिले मुदत, भागिले शंभर, की झालं सरळव्याज. मुद्दलात व्याज मिळवलं की रास. इतकं पाठ असूनही प्रत्यक्ष कर्जाचा कागद समोर आला की आपण गोंधळतो, कारण ‘दर शेकडा’ म्हणताना शाळेनं एक प्रश्न विचारलाच नव्हता. हे शंभर नेमके कोणते? सुरुवातीला घेतलेले, की आज देणं बाकी असलेले? व्याजाच्या हिशेबातलं जवळपास सगळं मर्म या प्रश्नात आहे.

समजा, एक वर्षासाठी १,२०,००० चं कर्ज घेतलं. दर १० टक्के, फेड दरमहा समान हप्त्यांत. हिशेब असा मांडला जातो: १,२०,००० चे १० टक्के म्हणजे १२,०००. एकूण देणं १,३२,०००. भागिले १२, महिन्याला ११,००० चा हप्ता. आकडे गोल, बेरीज बरोबर, शाळेतल्या सूत्राप्रमाणेच केलेलं सगळं. याला फ्लॅट रेट म्हणतात.

पण वर्षभर आपल्या हातात १,२०,००० होते का? पहिल्या हप्त्यानंतर मुद्दलातले सरासरी १०,००० परत गेले. दुसऱ्यानंतर आणखी १०,०००. बाराव्या महिन्यात आपल्याकडे जेमतेम १०,००० उरलेले. १,२०,०००, १,१०,०००, १,००,००० अशी उतरत्या क्रमानं बेरीज करून बारानं भागलं, तर वर्षभरात सरासरी फक्त ६५,००० आपण वापरले असं निघतं. व्याज मात्र पूर्ण १,२०,००० वर भरलं. जे पैसे केव्हाच परत केले, त्यांचंही भाडं डिसेंबरपर्यंत चालू राहिलं.

मग खरा दर किती? १२,००० भागिले ६५,००० केलं तर साडेअठराच्या आसपास येतो. ही ढोबळ रीत झाली. काटेकोर रीत अशी, की दर महिन्याला फक्त बाकीवर व्याज लावायचं, हप्त्यातून आधी ते वळतं करायचं, आणि उरलेली रक्कम मुद्दलातून वजा करायची. महिना दीड टक्का धरून पाहू. पहिल्या महिन्याचं व्याज १,८००. हप्ता ११,०००, म्हणजे मुद्दलात ९,२०० गेले आणि बाकी राहिली १,१०,८००. दुसऱ्या महिन्याचं व्याज आता १,६६२, मुद्दलात ९,३३८, बाकी १,०१,४६२. असंच खाली उतरत गेलं की बाराव्या हप्त्यात व्याज उरतं १६० च्या घरात, आणि कर्ज जवळजवळ नेमकं शून्यावर येतं. महिना दीड टक्का म्हणजे साल १८ टक्के. कागदावर लिहिलेले १० टक्के खोटे नाहीत, पण ते आपल्याकडे नसलेल्या पैशांवरही लावलेले आहेत. याच कर्जाला घटत्या बाकीवर, म्हणजे रिड्युसिंग बॅलन्सवर, खरोखरच १० टक्के लावले असते तर हप्ता साधारण १०,५५० आणि वर्षाचं व्याज ६,६०० च्या आसपास बसलं असतं. १२,००० आणि ६,६००, दर एकच.

हा हिशेब प्रत्येकानं एकदा तरी कागद-पेन घेऊन, महिन्यामागून महिना, स्वतःच्या हातानं करावा असं मला मनापासून वाटतं. यंत्रावर उत्तर क्षणात मिळतं. पण बाकी पायरी-पायरीनं उतरताना पाहिली की हप्त्याच्या पोटात काय चाललंय ते कायमचं कळतं.

लांब मुदतीच्या कर्जात हे पोट आणखी विचित्र दिसतं. एक लाख, ९ टक्के, २० वर्षं, व्याज घटत्या बाकीवर. मासिक हप्ता येतो जवळपास ९००. पहिल्या महिन्याचं व्याज ७५०, म्हणजे ९०० पैकी मुद्दलाला लागतात फक्त १५०. दहा वर्षं इमानेइतबारे हप्ते भरले, अर्धी मुदत सरली, तरी बाकी सुमारे ७१,००० असते. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारा वर्षांहून जास्त काळ जातो. यात कुणी व्याज ‘आधी काढून’ घेतलेलं नसतं. सुरुवातीला बाकी मोठी, म्हणून व्याज मोठं, इतकंच. मात्र त्यातून एक उपयोगी गोष्ट निघते. पहिल्या हप्त्यासोबत साधारण १५१ जादा भरले तर बाकी थेट दुसऱ्या हप्त्यानंतरच्या पायरीवर पोचते. कर्ज एक महिना आधी संपतं आणि शेवटचा ९०० चा हप्ता वाचतो. आज १५१ देऊन वीस वर्षांनंतरचे ९०० वाचवायचे. या सौद्याकडे मी पुन्हा येणार आहे.

बाकी खाली येण्याऐवजी वर चढली, तर? व्याज भरलं नाही किंवा काढून घेतलं नाही, तर ते मुद्दलात मिसळतं आणि पुढच्या वेळचे ‘शंभर’ मोठे होतात. हीच चक्रवाढ. १०० वर साल १२ टक्क्यांनी तीस वर्षांत सरळव्याजानं ४६० होतात, चक्रवाढीनं जवळपास ३,०००.

माणसाला हे फार पूर्वीच उमगलं होतं. पॅरिसच्या लूव्र संग्रहालयातल्या एका बॅबिलोनी मृत्तिकापट्टिकेवर विचारलंय, की २० टक्के व्याजानं मुद्दल किती काळात दुप्पट होईल? मातीवर कोरलेलं उत्तर दशांशात ३.७८७ वर्षं असं येतं. आजच्या सूत्रानं ३.८०२. त्या गणितीनं तीन वर्षांनंतरची आणि चार वर्षांनंतरची रास काढून मधलं अंतर सरळ रेषेनं भरून काढलं असावं, कारण तसं केलं की हेच उत्तर येतं. साडेतीन-चार हजार वर्षांपूर्वीच्या त्या हाताची अचूकता पाहून मला अजूनही भरून येतं. पुढे इटालियन गणिती लुका पाचोलीच्या १४९४ च्या गणितग्रंथात दुप्पट होण्याचा सोपा आडाखा भेटतो, ७२ ला दरानं भागायचं. ८ टक्क्यांनी नऊ वर्षं, १२ टक्क्यांनी सहा वर्षं. पडताळून पाहा: १०० चे ८ टक्क्यांनी नऊ वर्षांत १९९.९० होतात.

व्याज मुद्दलात किती वेळा मिसळायचं, यानंही फरक पडतो. साल १२ टक्के, पण मिसळायचं दरमहा एक-एक टक्का, तर वर्षअखेर प्रत्यक्षात १२.६८ टक्के पडतात. याला प्रभावी दर म्हणतात, आणि दोन योजनांची तुलना करायची ती याच दरावरून. महिना ३ टक्के ऐकून आपण मनात ३६ म्हणतो. थकबाकी न भरता राहिली तर वर्षाचे होतात साडेबेचाळीसहून थोडे जास्त.

मग रोज मिसळलं तर? तासातासाला? क्षणाक्षणाला? हाच प्रश्न १६८३ मध्ये स्विस गणिती याकोब बर्नुलीनं घेतला. सोयीसाठी दर धरू १०० टक्के. वर्षातून एकदा मिसळलं तर १ चे २ होतात. दोनदा मिसळलं तर २.२५. चारदा २.४४, बारा वेळा २.६१, रोज मिसळलं तर २.७१४६. वाढ होत राहते, पण दमत-दमत. कितीही बारीक तुकडे केले तरी २.७१८२८… या भिंतीपलीकडे आकडा जात नाही. व्याजाच्या साध्या प्रश्नातून गणितातली एक अत्यंत महत्त्वाची संख्या अशी हाती आली. तिलाच पुढे ‘ई’ हे नाव मिळालं, आणि किरणोत्सारी पदार्थाच्या क्षयापासून जंतूंच्या वाढीपर्यंत ती सगळीकडे सापडते. व्यवहारापुरता अर्थ एवढाच, की १२ टक्क्यांचं व्याज दर सेकंदाला मिसळलं तरी वर्षाचे १२.७५ च्या वर जात नाहीत. ‘रोज चक्रवाढ’ या शब्दांनी दिपून जायचं कारण नाही. महिन्यावरून दिवसावर आल्यानं मिळतात ते फक्त साडेसहा शतांश टक्के.

दर मुळात ठरतो कशावरून? मध्यवर्ती बँकेचा धोरणदर (ज्या दरानं ती इतर बँकांना पैसे देते), मुदतीची लांबी, पैसे बुडण्याचा धोका आणि महागाईचा अंदाज, अशा गोष्टींवरून. त्यातली महागाई आपल्या प्रश्नाला भिडते, कारण ती शंभराचा आकडा न बदलता त्याची किंमतच बदलते. ठेवीवर ७ टक्के मिळाले आणि वर्षभरात किमती ५ टक्क्यांनी चढल्या, तर खरेदीची ताकद किती वाढली? १.०७ ला १.०५ नं भागायचं, उत्तर १.०१९. म्हणजे वास्तव व्याजदर १.९ टक्के. अमेरिकी अर्थतज्ज्ञ अर्विंग फिशर यांच्या नावानं हे समीकरण ओळखलं जातं. ठेवीवर ५ टक्के आणि महागाई ६ टक्के असली तर पासबुकात १०५ दिसतात, पण त्यांत गेल्या वर्षीच्या ९९ इतकंच विकत मिळतं.

कर्जदाराला हीच महागाई उलटी लागू होते. आता तो मघाचा सौदा. वीस वर्षं महागाई ५ टक्के राहिली तर शेवटच्या ९०० च्या हप्त्याची आजच्या भावानं किंमत सुमारे ३४० असेल. वाचलेले ९०० ऐकायला मोठे वाटतात, पण खरी तुलना आहे आजच्या १५१ ची आजच्याच ३४० शी. तरीही दुपटीहून जास्त.