विकृत, विकृती, विकार : ‘पॅराफिलिया’ या शब्दामागची गोष्ट

छेडछाडीची किंवा त्याहून गंभीर बातमी मराठी वर्तमानपत्रात आली की मथळ्यात ‘विकृत’ हा शब्द हमखास येतो. लोकलच्या गर्दीचा फायदा घेऊन अंगचटीला येणारा विकृत, खिडकीतून डोकावणारा विकृत, लहान मुलावर हात टाकणारा तर विकृतच. आणि मग एखादा बायकामुलांचा गृहस्थ डॉक्टरांच्या खोलीचे दार लोटून, खुर्चीच्या कडेवर बसून, मान खाली घालून सांगतो की आपल्याला बायकांच्या चपलांचे विलक्षण आकर्षण वाटते. कुणाला त्याने कधी त्रास दिलेला नसतो. पण स्वतःविषयी विचारताना त्याच्या तोंडी तोच मथळ्यातला शब्द असतो : “मी विकृत आहे का?”

आरोग्यविषयक मजकूर मराठीत आणायचे काम मी बरीच वर्षे करते आहे. ‘पॅराफिलिया’ हा शब्द समोर आला की माझी लेखणी अडते. कोशात ‘लैंगिक विकृती’ असे तयार उत्तर मिळते आणि ते लिहायला हात धजत नाही. कारण या एका शब्दाने खिडकीत डोकावणारा आणि चपलांनी मोहणारा, दोघेही एकाच पिंजऱ्यात जातात. मूळ शब्द कुठून आला आणि त्याचा अर्थ कसकसा बदलत गेला, हे मी खणून पाहिले ते यासाठी.

शब्द ग्रीक तुकड्यांचा आहे. ‘पॅरा’ म्हणजे बाजूला, लगत, पलीकडे. ‘फिलिया’ म्हणजे स्नेह, ओढ. वाटेच्या बाजूने गेलेली ओढ, एवढाच त्याचा शब्दशः अर्थ. पण वाट कोणती आणि ती कुणी ठरवली, हा प्रश्न शब्दाच्या पोटातच आहे.

शब्द जन्मायच्या आधी वाट ठरवून ठेवली होती ती रिखार्ड फॉन क्राफ्ट-एबिंग या मनोविकारतज्ज्ञाने. ऑस्ट्रियात ग्राझ आणि पुढे व्हिएन्ना इथे तो शिकवत असे, आणि न्यायालयांत आरोपींच्या मनःस्थितीविषयी साक्षी देत असे. १८८६ साली त्याचा ‘सायकोपॅथिया सेक्शुआलिस’ हा ग्रंथ निघाला. तो डॉक्टर आणि वकील यांच्यासाठी होता. सामान्य वाचकाच्या हाती पडू नये म्हणून नाजूक मजकूर लॅटिनमध्ये घातला होता. झाले उलटेच. ग्रंथ धडाधड खपला, आवृत्तीमागून आवृत्ती निघाली, आणि ठिकठिकाणचे वाचक त्याला पत्रे लिहून कळवू लागले की तुम्ही वर्णन केले आहे तो माणूस मीच. ही आत्मकथने तो पुढच्या आवृत्त्यांत घालत गेला. त्याची मोजपट्टी सरळ होती : ज्या कामक्रीडेचा रोख संततीकडे नाही, ती मार्ग चुकलेली. या मापाने जगातली जवळपास सगळी माणसे कधी ना कधी चुकलेलीच निघतील. तरी त्याला निव्वळ कर्मठ म्हणून मोडीत काढू नये असे मला वाटते. जे लोक तोवर फक्त कैदी किंवा पापी होते, त्यांना त्याने निदान बोलते केले.

याच काळात एकेका ओढीला स्वतंत्र नावे मिळत होती. फ्रान्समध्ये शार्ल लासेग याने १८७७ साली ‘एक्झिबिशनिस्ट’, म्हणजे परक्यांसमोर अंगप्रदर्शन करणारा, हा प्रकार वर्णन केला. वेदना सोसण्यातून मिळणाऱ्या कामसुखासाठी ‘मॅसोकिझम’ हे नाव क्राफ्ट-एबिंगने १८९० साली लिओपोल्ड फॉन साखर-मासोख या लेखकाच्या आडनावावरून घेतले, आणि तेव्हा तो लेखक हयात होता. आपले घराण्याचे नाव रोगाच्या यादीत गेलेले त्या माणसाने जिवंतपणी पाहिले. नाव देणाऱ्याला तो शास्त्राचा भाग वाटला असेल. ज्याचे नाव गेले त्याच्या बाजूने पाहिले की मन खट्टू होते.

‘फेटिश’ची कुळकथा तर आपल्या किनाऱ्याच्या ओळखीची आहे. ज्या पोर्तुगीज भाषेने मराठीला पाव, बटाटा, चावी आणि घमेले हे शब्द दिले, तिच्यातच ‘फेइतिसो’ म्हणजे जादूटोणा, मंतरलेली वस्तू. पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावर लोकांच्या गळ्यातले ताईत आणि पूजेच्या वस्तू पाहून पोर्तुगीज व्यापाऱ्यांनी त्यांना हे नाव लावले. १७६० मध्ये शार्ल द ब्रॉस या फ्रेंच विद्वानाने त्यातून धर्माचा सिद्धान्त उभारला. आणि १८८७ मध्ये आल्फ्रेद बिने याने, म्हणजे पुढे बुद्धिमापन चाचणी तयार करणाऱ्या त्याच बिनेने, एखाद्या वस्तूवर किंवा शरीराच्या एखाद्याच भागावर जडलेल्या कामेच्छेला ‘फेटिशिझम’ म्हटले. परक्याची श्रद्धा बघून दिलेले नाव परक्याच्या इच्छेला चिकटले. दोन्ही वेळा नाव देणारा बाहेरचाच होता.

आता खुद्द ‘पॅराफिलिया’. हा शब्द पहिल्यांदा वापरल्याचे श्रेय जाते फ्रीडरिख सालोमो क्राउस याला, साल १९०३. क्राउस डॉक्टर नव्हता, हे मला फार महत्त्वाचे वाटते. तो लोकवाङ्मयाचा संग्राहक होता. आजच्या क्रोएशियात जन्मलेला, व्हिएन्नात राहणारा हा ज्यू अभ्यासक दक्षिण स्लाव लोकांत हिंडून गाणी, म्हणी, गोष्टी टिपून घेत असे, आणि त्यांतल्या अश्लील मानल्या जाणाऱ्या चीजा इतरांसारखा गाळत नसे. आपल्याकडे शिमग्याच्या बोंबा किंवा शृंगाराच्या चावट लावण्या जशाच्या तशा उतरवून घेणारा कुणी असावा, तसा. १९०४ पासून त्याने ‘अँथ्रोपोफायटिया’ नावाचे वार्षिक काढले आणि असे सारे साहित्य त्यात छापले. लोकांच्या विनोदांत आणि गाण्यांत मनाचे खरे रूप सापडते, म्हणून हे काम मोलाचे आहे, असा पाठिंबा मनोविश्लेषणाचा जनक फ्रॉइड याने १९१० साली पत्र लिहून दिला. तरी बर्लिनमध्ये अश्लीलतेचा खटला झालाच, आणि १९१३ मध्ये ते वार्षिक बंद पडले.

त्याच १९१३ साली विल्यम रॉबिन्सन या अमेरिकी डॉक्टरने क्राउसचा हवाला देऊन शब्द इंग्रजीत आणला. मग फ्रॉइडच्या वर्तुळातल्या विल्हेल्म श्टेकेलने १९२० च्या दशकात तो आपल्या ग्रंथांत रुजवला. फ्रॉइड स्वतः ‘पर्व्हर्शन’, म्हणजे विकृती, हाच जुना शब्द वापरत राहिला. मात्र १९०५ च्या निबंधांत त्याने लिहून ठेवले होते की अशा ओढींचा अंश निरोगी माणसांच्या कामजीवनातही असतोच, म्हणून हा शब्द दूषण म्हणून वापरणे गैर. ते कुणी मनावर घेतले नाही.

पुढची काही दशके ‘पॅराफिलिया’ हा तज्ज्ञांच्या कपाटातला शब्द होता. तो सर्वांसमोर आणला बॉल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातल्या जॉन मनी या मानसशास्त्रज्ञांनी. दोष न देणारा शब्द हवा, हा त्यांचा आग्रह योग्यच होता. पण याच मनींच्या सल्ल्याने शस्त्रक्रियेत इजा झालेल्या एका मुलाला मुलगी म्हणून वाढवण्यात आले, आणि त्यातून त्या मुलाच्या आयुष्याची जी परवड झाली तीही विसरता येत नाही. भाषा सौम्य करणारा माणूस उपचारातही सौम्य असतोच असे नाही.

अमेरिकी मनोविकारतज्ज्ञ संघटनेच्या निदानपुस्तिकेत १९५२ पासून ‘लैंगिक विचलन’ असे खाते होते आणि समलैंगिकता त्यातच मोडत होती. डिसेंबर १९७३ मध्ये संघटनेच्या विश्वस्तांनी समलैंगिकता यादीतून काढली. विरोधकांनी मतदान घ्यायला लावले, तेव्हा १९७४ मध्ये मत देणाऱ्यांपैकी सुमारे ५८ टक्के सदस्यांनी निर्णयाच्या बाजूने कौल दिला. रोग आहे की नाही हे हात वर करून कसे ठरते, असे यावर आजही विचारले जाते. रास्त प्रश्न आहे. पण समलैंगिकता यादीत घातली गेली तेव्हाही काही रक्ततपासणी झाली नव्हती; तेव्हाचा समाजच आत डोकावत होता. १९८० च्या तिसऱ्या आवृत्तीत ‘विचलन’ गेले आणि त्या जागी ‘पॅराफिलिया’ आला.

यानंतर नावांचे पेव फुटले. दिल्लीच्या मौलाना आझाद वैद्यकीय महाविद्यालयातले न्यायवैद्यकतज्ज्ञ डॉ. अनिल अग्रवाल यांनी २००९ मधल्या आपल्या ग्रंथात तब्बल ५४७ पॅराफिलियांची यादी दिली, आणि यांतल्या सगळ्याच दवाखान्यात दिसलेल्या आहेत असे नाही, हेही नोंदवले. निदानपुस्तिकेत मात्र नावानिशी आठच आहेत. ५४७ आणि ८ यांच्यामधल्या अंतरात जी माणसे राहतात, त्यांतल्या पुष्कळांना डॉक्टरांची गरजच पडलेली नसते.

खरी फोड झाली २०१३ च्या पाचव्या आवृत्तीत. तिथे पहिल्यांदा सांगितले गेले की पॅराफिलिया वेगळा आणि पॅराफिलियाचा विकार वेगळा. तीव्र, टिकून राहणारी, नेहमीच्या चाकोरीबाहेरची ओढ म्हणजे पॅराफिलिया. त्या ओढीपायी माणूस स्वतः होरपळत असेल, त्याचे जगणे विस्कटत असेल, किंवा दुसऱ्याला इजा होत असेल वा होण्याचा धोका असेल, तरच विकार. शब्द किती जपून वापरावे लागतात याचे उदाहरणही त्याच आवृत्तीत आहे. लहान मुलांविषयीच्या आकर्षणाच्या मजकुरात एका ठिकाणी ‘लैंगिक अभिमुखता’, म्हणजे समलैंगिक किंवा भिन्नलैंगिक असण्यासाठी वापरतात तो शब्द, छापून गेला. गदारोळ झाला, आणि ती चूक आहे, तिथे ‘लैंगिक स्वारस्य’ असे हवे होते, असे संघटनेला काही महिन्यांत जाहीर करावे लागले.

युरोपच्या उत्तरेतले देश याआधीच पुढे गेले होते. परस्परसंमतीने वेदनेचा खेळ खेळणाऱ्यांचे निदान डेन्मार्कने १९९५ मध्ये आपल्या यादीतून काढले. स्वीडनने २००९ मध्ये, नॉर्वेने २०१० मध्ये. जागतिक आरोग्य संघटनेचे आजारांचे अकरावे वर्गीकरण १ जानेवारी २०२२ पासून लागू झाले, त्यात फेटिशिझमसारखी निदाने नावानिशी उरलीच नाहीत. उरली ती संमती नसलेल्या किंवा संमती देऊच न शकणाऱ्या व्यक्तीकडे रोख असलेली : चोरून पाहणे, अंगप्रदर्शन, गर्दीत अंग घासणे, लहान मुले, बळजबरीची क्रूरता. एकट्याने किंवा संमतीने चालणाऱ्या वर्तनासाठी एक खाते ठेवले आहे, पण ते निदान करायला जिवाला किंवा शरीराला मोठा धोका तरी हवा, नाहीतर तीव्र मनस्ताप तरी. आणि हा मनस्ताप निव्वळ इतरांच्या नकारामुळे किंवा नकाराच्या भीतीमुळे असेल, तर तो धरायचा नाही. म्हणजे साध्या मराठीत, ‘लोक काय म्हणतील’ या धास्तीने जीव कुढत असेल तर तो त्या माणसाचा आजार नव्हे. हे कलम मी पहिल्यांदा वाचले तेव्हा त्या चपलांच्या गोष्टीतल्या माणसाची आठवण झाली.

आपल्या कायद्यातही हे तत्त्व उतरले आहे, आणि फार थोड्यांना ते ठाऊक आहे. २०१७ चा मानसिक आरोग्यसेवा कायदा कलम ३ मध्ये म्हणतो की एखाद्याचे वागणे समाजाच्या नैतिक, सामाजिक वा सांस्कृतिक मूल्यांशी जुळत नाही, एवढ्यावरून त्याला मानसिक आजार ठरवता येणार नाही. ६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने भारतीय दंडविधानाचे कलम ३७७ संमतीने होणाऱ्या प्रौढांच्या संबंधांपुरते रद्द केले, त्या निकालातही या कायद्याचा दाखला आला. दुसऱ्या अंगाने, चोरून पाहणे हा २०१३ पासून स्वतंत्र गुन्हा आहे, मुलांसाठी पॉक्सो २०१२ पासून आहे. हे कायदे कृत्य बघतात. निदानाचा कागद दाखवून कुणी सुटत नाही, आणि ज्याने कृत्य केले नाही त्याला केवळ मनातल्या ओढीसाठी कुणी धरत नाही. अत्याचार करणारा प्रत्येक जण पॅराफिलियाचा रुग्ण असतो हेही खरे नाही. पुष्कळदा तिथे सत्ता, संधी आणि बेफिकिरी असते. त्याला ‘विकृत’ म्हणून मोकळे होताना आपण ते तिन्ही झाकून टाकतो.

मराठीत या विषयाची किंमत मोजली ती र. धों. कर्वे यांनी. जुलै १९२७ मध्ये त्यांनी मुंबईत ‘समाजस्वास्थ्य’ मासिक सुरू केले आणि १९५३ मध्ये मरेपर्यंत चालवले. वाचक लाजत लाजत प्रश्न पाठवत आणि कर्वे सरळ उत्तरे छापत. त्याबद्दल खटले झाले. १९३४ च्या खटल्यात हस्तमैथुन आणि समलैंगिकता यांवरच्या प्रश्नोत्तरांचा मुद्दा होता, आणि कर्व्यांची बाजू मांडायला उभे राहिले डॉ. बाबासाहेब आंबेडकर. कामविषयक लिहिले म्हणजे ते अश्लील होत नाही, असा त्यांचा युक्तिवाद होता. न्यायालयाला तो पटला नाही. कर्व्यांना दंड झाला. बर्लिनमध्ये क्राउसचे झाले, तेच मुंबईत कर्व्यांचे.

याहून जुना दाखला कामसूत्रात आहे. वात्स्यायन नखक्षत, दंतक्षत, प्रहार यांवर शांतपणे प्रकरणे लिहितो आणि तिथे कुणाला रोगी ठरवत नाही. पण काही धोक्याचे प्रहार सांगताना तो थबकतो आणि नावे घेऊन इशारा देतो : कुंतल देशच्या शातकर्णी सातवाहनाने ‘कर्तरी’ नावाच्या प्रहाराने आपली महाराणी मलयवती हिचा जीव घेतला. सातवाहन म्हणजे आपल्या पैठणचे घराणे. आवड कोणती, यावर त्याने बोट ठेवले नाही. मेलेल्या राणीवर ठेवले.

आणि ‘विकृती’ हा शब्द तरी मुळात कुठे वाईट होता? सांख्य दर्शनात प्रकृतीपासून जे घडते ती विकृती, म्हणजे नुसता बदल. वेदपठणातल्या जटा, माला, घन वगैरे आठ पाठांना अष्टविकृती म्हणतात आणि ते येणाऱ्या घनपाठ्याला समाज मान देतो. पंचांगातल्या साठ संवत्सरांत एकाचे नाव विकृती आहे. शब्दाला घाण चिकटली ती नंतर, आणि आता ती निघेल असे वाटत नाही. त्याच धातूपासून झालेला ‘विकार’ मात्र स्वच्छ राहिला आहे. हृदयविकार झालेल्या माणसाला आपण भेटायला जातो, सोबत फळे नेतो.

म्हणून माझ्यापुरते मी ठरवले आहे. ओढीला ‘लैंगिक कल’ लिहायचे, निदान झाले असेल तिथे ‘विकार’, आणि जिथे कुणाची संमती डावलली गेली तिथे ‘गुन्हा’ किंवा ‘अत्याचार’. ‘पॅराफिलिया’ आहे तसाच ठेवते. परवा एका पत्रकाच्या मुद्रितात कुणीतरी माझा ‘विकार’ खोडून पेन्सिलीने ‘विकृती’ केले होते. मी ते परत ‘विकार’ करून पाठवले आहे.