डोकरा पुन्हा मैदानात

भुसावळला गाडी बदलायची म्हणजे दोन-तीन तास फलाटावर आणि हातात स्टॉलवरचं इंद्रजाल कॉमिक. १९६४ ते १९९० या काळात वाढलेल्या आमच्यासारख्यांना सुपरहिरो भेटला तो असा, वेताळाच्या (इंग्रजीतल्या फँटमच्या) रूपात. ली फॉक यांनी १९३६ मध्ये वेताळ आणला तेव्हाच म्हातारपणाचा बंदोबस्त करून ठेवला होता. बाप गेला की मुलगा तोच मुखवटा चढवतो. आपण वाचायचो तो एकविसावा.

सुपरमॅन (१९३८) आणि बॅटमॅन (१९३९) यांच्याकडे ही सोय नव्हती. दर महिन्याला अंक निघायचा, नायक थकला तर धंदा बसायचा. म्हणून त्यांचं वयच थांबवलं. वाचक पोरवयाचे, मोठे झाले की सोडून जायचे, त्यामुळे हिशोब विचारणारंही कुणी नव्हतं.

या थांबलेल्या वयाला पहिली चीर पडली १९६१ मध्ये. दुसऱ्या महायुद्धानंतर खप घसरला, वाऱ्याच्या वेगानं धावणाऱ्या जुन्या फ्लॅशचा अंक १९४९ मध्येच बंद पडला होता. १९५६ मध्ये त्याच नावाचा नवा, तरुण फ्लॅश आला. मग लेखक गार्डनर फॉक्स यांनी त्याला दुसऱ्या जगात धाडून जुन्याशी गाठ घालून दिली. हा जुना फ्लॅश, जे गॅरिक, म्हणजे कानशिलं पिकलेला, लग्न करून निवांत झालेला गृहस्थ. शहरात चोऱ्या वाढल्यात म्हणून पुन्हा बाहेर पडायचं त्यानं आधीच ठरवलेलं असतं!

तरी गॅरिकचे गुडघे काही दुखत नाहीत. ते दुखणं आणलं फ्रँक मिलर यांनी, १९८६ मध्ये. त्यांचा बॅटमॅन पंचावन्न वर्षांचा, दहा वर्षं घरी बसलेला. परततो तेव्हा मार खातो, धापा टाकतो, आणि सोबतीला रॉबिन म्हणून तेरा वर्षांची मुलगी घेतो. तोवर अमेरिकेत कॉमिक्सची स्वतंत्र दुकानं निघाली होती आणि तिथं मोठ्या वयाचं गिऱ्हाईक येत होतं. गोष्ट भविष्यात ठेवली, त्यामुळे मासिकातला बॅटमॅन तरुणच राहिला. प्रकाशकाचं काहीच बिघडलं नाही. मला तर हीच खरी अक्कलहुशारी वाटते.

पुढे ही वाट मळली. २००८ मध्ये मार्क मिलर (हे वेगळे) यांनी म्हातारा वुल्व्हरिन (हातांतून नख्या बाहेर काढणारा सुपरहिरो) लिहिला. पन्नास वर्षं त्यानं नख्या बाहेर काढलेल्या नाहीत. बायकापोरांसह शेती करतो, जमीनमालक आहेत हल्कची गुंड नातवंडं, आणि खंड थकलाय. तो फेडण्यापुरते पैसे मिळतील म्हणून तो आंधळ्या झालेल्या तिरंदाज सुपरहिरो हॉकआयची गाडी हाकायला निघतो. आमच्या तापीकाठी ही गोष्ट सांगायची तर हल्क कोण ते समजवावं लागेल, खंड नाही.