कणात चैतन्य की चैतन्यात कण? सर्वचैतन्यवाद आणि अद्वैत

इलेक्ट्रॉनलाही अगदी अल्पशी का होईना पण जाणीव असते, असं मानणारे तत्त्वज्ञ आज पाश्चात्त्य विद्यापीठांत आहेत. या मताला पॅनसायकिझम किंवा सर्वचैतन्यवाद म्हणतात. हे ऐकलं की ‘चराचरात चैतन्य, हे तर आपलं अद्वैतच!’ अशी प्रतिक्रिया येते. मला ही घाई दोन्ही विचारांवर अन्याय करणारी वाटते.

घाई का होते, ते समजण्यासारखं आहे. मेंदूतल्या पेशी काय काय करतात हे कितीही बारकाईनं सांगितलं, तरी त्या करण्यासोबत अनुभव का असतो, हा प्रश्न उरतोच. तत्त्वज्ञ डेव्हिड चाल्मर्स यांनी १९९५ मध्ये याला ‘कठीण प्रश्न’ म्हटलं. त्यावर सर्वचैतन्यवादी आणि अद्वैती दोघेही म्हणतात की चैतन्य जडातून, म्हणजे अचेतन पदार्थातून, निपजलेलंच नाही, ते मुळातच आहे. इथवर दोघे बरोबर चालतात.

सर्वचैतन्यवादाचं म्हणणं असं: भौतिकशास्त्र इलेक्ट्रॉनचं वस्तुमान आणि विद्युतभार सांगतं, म्हणजे तो कसा वागतो ते सांगतं. तो स्वतःत काय आहे, याबद्दल ते गप्प असतं. तत्त्वज्ञ बर्ट्रांड रसेल यांनी १९२७ मध्ये या रिकाम्या जागेकडे लक्ष वेधलं होतं. ती जागा अनुभवानं भरलेली आहे, असं हे तत्त्वज्ञ मानतात. दगडाला दगड म्हणून मन असतं, असं मात्र त्यांतले बहुतेक म्हणत नाहीत. जाणीव असते ती मूलकणांना. म्हणजे कण खरे, जग खरं, जाणिवा असंख्य, आणि चैतन्य हा पदार्थाचा एक मूलभूत गुण.

अद्वैताला यातली जवळजवळ प्रत्येक गोष्ट अमान्य होईल. शंकराचार्यांच्या मते चैतन्य कोणाचाही गुण नाही. ते ब्रह्माचं स्वरूप आहे, एकच आहे, आणि त्याला भाग नाहीत. त्याहून महत्त्वाचं म्हणजे अद्वैतात मनसुद्धा जड आहे. विचार, आठवण, सुख, वेदना या अंतःकरणाच्या वृत्ती. त्या ज्याच्यामुळे प्रकाशतात तो साक्षी वेगळा. सगळा गोंधळ होतो तो इथेच. सर्वचैतन्यवादी ज्याला चेतना म्हणतो ती वेदनेची कळ, रंगाचा अनुभव, अद्वैतात दृश्याच्या, म्हणजे जे पाहिलं जातं त्याच्या, बाजूला पडतो; पाहणारा द्रष्टा म्हणजे तो साक्षी. उद्या इलेक्ट्रॉनला इवलासा अनुभव असतो हे सिद्ध झालं, तरी अद्वैती म्हणेल: ठीक, दृश्यात आणखी एकाची भर पडली. द्रष्ट्याचं काय?

म्हणूनच ‘अणूतही चैतन्य आहे, तेव्हा तूच ब्रह्म आहेस’ हे हल्ली वारंवार कानावर पडणारं अनुमान टिकत नाही. अणूअणूला स्वतंत्र जाणीव असेल तर मी त्यांचा समूह ठरेन, ब्रह्म नव्हे. आणि मी ब्रह्म असेन, तर त्यासाठी अणूला स्वतःची जाणीव असण्याची गरजच नाही.

दोघांच्या अडचणीही उलट्या दिशेच्या आहेत. सर्वचैतन्यवादाला जोडता आलं पाहिजे. मानसशास्त्रज्ञ आणि तत्त्वज्ञ विल्यम जेम्स यांनी १८९० मध्येच यावर बोट ठेवलं होतं: बारा शब्दांचं वाक्य घ्या, बारा माणसांना एकेक शब्द द्या, त्यांना कितीही दाटीवाटीनं उभं करा, पूर्ण वाक्याची जाणीव कुठेच होणार नाही. मग कोट्यवधी कणांच्या जाणिवांमधून माझी एक सलग जाणीव कशी बनते? समाधानकारक उत्तर अजून मिळालेलं नाही.

अद्वैताला उलट, एकाचे अनेक का दिसतात ते सांगावं लागतं. चैतन्य एक, तर दुसऱ्याची दाढदुखी मला का कळत नाही? उत्तर मिळतं उपाधीचं, म्हणजे एकाला वेगवेगळं भासवणाऱ्या मर्यादेचं: अंतःकरणं वेगळी आहेत. अद्वैतातल्याच दोन परंपरांपैकी भामती परंपरा घटातल्या आकाशासारखा अवच्छेद मानते, म्हणजे एकच आकाश घटामुळे वेगळं झाल्यासारखं दिसतं तसं; विवरण परंपरा प्रतिबिंब मानते, म्हणजे एकच बिंब अनेक पाण्यांत दिसावं तसं. आणि मुळात एकाचे अनेक भासवणारं हे अज्ञान, ही अविद्या, कोणाची, जीवाची की ब्रह्माची, यावर या दोघींचा वाद शतकानुशतकं चालला.

फरक सर्वात स्पष्ट होतो तो गाढ झोपेत. ‘सुखानं झोपलो, काहीच कळलं नाही’ असं आपण उठल्यावर म्हणतो. ही आठवण आहे, म्हणजे त्या ‘काहीच नाही’चाही कोणी साक्षी होता, असा अद्वैताचा युक्तिवाद. सर्वचैतन्यवादाला असा साक्षी लागत नाही. त्याच्या हिशेबानं कणांचे अनुभव रात्रभर चालू राहू शकतात आणि ‘मी’ नावाची जुळणी तेवढा वेळ विस्कटलेली असू शकते.

जोडण्याची अडचण टाळण्यासाठी काही जण आता म्हणतात की मूळ जाणीव कणांची नसून अख्ख्या विश्वाची आहे. हे मत अद्वैताच्या बरंच जवळ येतं, आणि तुलना करायचीच तर ती याच्याशी करावी. तरीही त्यातलं विश्व खरं असतं, त्याला गुण असतात, घडामोडी असतात. अद्वैताचं ब्रह्म निर्गुण आहे, आणि त्याच्यात काही घडत नाही.