दारं काढून भिंतीला टेकवा: ‘डिसीट’ची पार्श्वभूमी

मे १९८० मध्ये ब्रिटिश सरकारने ‘प्रोटेक्ट अँड सर्व्हाइव्ह’ नावाची पुस्तिका विक्रीला आणली. किंमत ५० पेन्स. अणुबॉम्ब पडला तर घरच्या घरी काय करायचं, ते तिच्यात होतं. दारं काढून भिंतीला तिरकी टेकवा, त्यांवर मातीच्या पिशव्या रचा, खिडक्यांच्या काचांना पांढरा रंग फासा, १४ दिवसांचं अन्नपाणी भरून ठेवा. सूर इतका निवांत, की जणू पावसाळ्याआधी कौलं शाकारून घ्यायला सांगताहेत. लंडनच्या ‘दिस हीट’ या प्रयोगशील रॉक त्रिकुटाचा ‘डिसीट’ हा अल्बम ऐकण्याआधी हा सूर कानात असलेला बरा.

पुस्तिकेला निमित्त होतं. डिसेंबर १९७९ मध्ये नाटोने पश्चिम युरोपात ४६४ क्रूझ आणि १०८ पर्शिंग ही अण्वस्त्रवाहू क्षेपणास्त्रं तैनात करायचं ठरवलं. त्याच महिन्यात सोव्हिएत फौजा अफगाणिस्तानात शिरल्या. क्रूझपैकी काही इंग्लंडमधल्या ग्रीनहॅम कॉमन इथल्या हवाई तळावर येणार, हे पुढच्या वर्षी जाहीर झालं. युद्ध होणारच आणि आपण त्यात मरणार, असं तेव्हा अनेक तरुणांना खरोखर वाटत होतं. ‘दिस हीट’च्या तिघांनाही.

चार्ल्स हेवर्ड, चार्ल्स बुलेन आणि गॅरेथ विल्यम्स १९७६ मध्ये एकत्र आले. हेवर्ड मुरलेला ड्रमर. विल्यम्सला मात्र वाद्यं वाजवण्याचा अनुभव जवळजवळ नव्हता, आणि ती त्यांना अडचण वाटली नाही. दक्षिण लंडनमधल्या ब्रिक्स्टन भागात मांस साठवण्याची एक जुनी शीतखोली त्यांना मिळाली. तिचं नाव पडलं ‘कोल्ड स्टोरेज’. तिथे घड्याळाकडे पाहून स्टुडिओचं भाडं मोजायचं नव्हतं. त्यामुळे टेप कापणं, जोडणं, त्याच टेपची वेटोळी करून फिरवणं, साध्या कॅसेटवरचा खरखरीत तुकडा चांगल्या ध्वनिमुद्रणात घुसवणं, हे सगळं मनसोक्त करता आलं. १९७९ चा पहिला अल्बम या खटाटोपातच रमलेला आहे. गाणी म्हणावीत अशी गाणी ‘डिसीट’मध्ये आली.

या अल्बमला राजकीय म्हणतात, पण मोर्चातली घोषणा त्यात शोधू नये. इथे सत्तेवर टीका होते ती सत्तेच्याच भाषेत, आणि माझ्या मते अल्बमचं सगळं बळ त्यात आहे. ‘स्लीप’ जाहिरातीच्या गोडव्याने अंगाई गाते. ‘एस. पी. क्यू. आर.’ (‘रोमची सिनेट आणि जनता’ या लॅटिन शब्दांची आद्याक्षरं) शाळेत घोकलेली लॅटिन क्रियापदं घेऊन रोमन साम्राज्याचा वारसा अंगावर चढवतं. ‘इंडिपेंडन्स’मध्ये तर १७७६ च्या अमेरिकी स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यातला मजकूरच गायलाय; उपरोध करायला त्यांना शब्द बदलावे लागले नाहीत. शेवटच्या तुकड्याच्या नावात हिरोशिमा-नागासाकीच्या बॉम्बपीडितांचा उल्लेख आहे. तिथे गाणं असं उरतच नाही, नुसते ध्वनी.

‘रफ ट्रेड’ या रेकॉर्ड कंपनीने हा अल्बम सप्टेंबर १९८१ मध्ये काढला. क्रूझ क्षेपणास्त्रांच्या निषेधासाठी वेल्समधल्या कार्डिफहून पायी निघालेल्या महिला त्याच महिन्याच्या सुरुवातीला ग्रीनहॅमच्या तळापाशी पोचल्या होत्या. त्यांचा तिथला मुक्काम पुढे कित्येक वर्षं चालला.

त्रिकूट मात्र १९८२ मध्ये संपलं. विल्यम्स कथकळी शिकायला केरळात गेला. २००१ मध्ये तो वारला. उरलेले दोघे २०१६ मध्ये नव्या साथीदारांसह हीच गाणी घेऊन पुन्हा मंचावर आले, तेव्हा गटाचं नाव त्यांनी ठेवलं ‘दिस इज नॉट दिस हीट’.