रेती वाहतुकीतील जप्त वाहने : न्यायालयीन देखरेख (नागपूर जिल्हा)

अवैध रेती उत्खनन वा वाहतुकीच्या गुन्ह्यात पोलिसांनी जप्त केलेला ट्रॅक्टर, टिप्पर किंवा पोकलेन खटला संपेपर्यंत कोणाच्या ताब्यात राहावा, कोणत्या अटींवर सुटावा आणि अखेर सरकारजमा व्हावा का, हे ठरवण्याचा न्यायालयाचा अधिकार. नागपूर जिल्ह्यात असे गुन्हे मुख्यतः कन्हान, पेंच व कुहीकडील वैनगंगेच्या घाटांशी निगडित आहेत. कन्हानकाठची कामठीची ठाणी शहर आयुक्तालयात, तर मौद्याचे ग्रामीण पोलिसांत मोडते.

अधिकाराचा उगम वादाचा आहे. खाणी व खनिजे (विकास व नियमन) अधिनियम, १९५७ च्या कलम १४ ने गौण खनिजांना (रेती त्यांतलीच) कलम ५ ते १३ लागू होत नाहीत. कलम ४ व २१ मात्र लागू राहतात. कलम २१(४) खास अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याला जप्तीची मुभा देते, तर २१(४अ) नुसार सरकारजमा करण्याचा आदेश दखल घेण्यास (गुन्हा खटल्यासाठी विचारात घेण्यास) सक्षम न्यायालयच देते. कलम २२ मुळे ही दखल प्राधिकृत अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीशिवाय घेता येत नाही. मग पोलिसांचा गुन्हा टिकतो कसा? सर्वोच्च न्यायालयाने संजय (२०१४) प्रकरणात रेतीचोरी हा भारतीय दंड संहितेखालचा वेगळा गुन्हा मानला. जयंत (२०२०) निकालाने कलम २२ ची आडकाठी दखल घेण्याच्या टप्प्यावरच येते, गुन्हा नोंदवताना नाही, असे स्पष्ट केले. १ जुलै २०२४ पासूनच्या घटनांना भारतीय न्याय संहितेचे कलम ३०३(२) लागते.

दुसरी वाट महसुलाची. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८(७) व (८) खाली दंड व जप्ती होते. जप्त वाहन ४८ तासांत जिल्हाधिकारी किंवा प्राधिकृत उपजिल्हाधिकाऱ्यापुढे हजर करायचे असते. वाहनानुसार दंड ठरलेला आहे : ट्रॅक्टर-ट्रॉलीला १ लाख, टिप्परला २ लाख, पोकलेनला साडेसात लाख रुपये. शिवाय पुन्हा अवैध कामाला वाहन न वापरण्याचा जातमुचलका (मालकाचे वैयक्तिक बंधपत्र). पोलिसांनी पकडलेले वाहन तहसीलकडे वर्ग झाले, तर दंडाधिकारी ते सोडू शकतो का, यावर दोन मते आढळतात. दोन्ही कारवाया स्वतंत्र मानणारे मत अधिक सुसंगत वाटते : पोलिसांच्या मुद्देमालावर न्यायालयाचा ताबा राहतो, पण सुपुर्दनाम्याने (अटींवर वाहन ताब्यात दिल्याने) महसुली दंड माफ होत नाही. व्यवहारात ठाण्यातून सुटलेले वाहन तहसील आवारात पुन्हा अडकते ते यामुळेच. महसुली आदेशाविरुद्ध अपील वा नागपूर खंडपीठापुढे रिट याचिका हे मार्ग उरतात.

अंतरिम ताब्याचा अर्ज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ वा ५०३ खाली प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यापुढे होतो (पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेची कलमे ४५१, ४५७). सुंदरभाई अंबालाल देसाई (२००२) निकालानुसार वाहने ठाण्यात सडवायची नसतात. पंचनामा, छायाचित्रे, बंधपत्र व हमी घेऊन ती द्यायची. कलम ४९७ ने मालमत्तेचे विवरण १४ दिवसांत व त्यानंतर विल्हेवाटीचा आदेश ३० दिवसांत अपेक्षिला आहे. अर्जासोबत नोंदणी पुस्तिका, विमा व कर्जाचे वाहन असल्यास वित्तसंस्थेचा खुलासा लागतो. ट्रॉलीची नोंदणी वेगळी असते; तिचे कागद नसले की मुंडका (ट्रॅक्टरचा इंजिनाचा भाग) सुटतो, ट्रॉली राहते. विक्री, रंगबदल किंवा सुटे भाग बदलू नयेत, मागितल्यास वाहन हजर करावे, या अटी नेहमीच्या.

प्रकरण ढासळते ते बहुधा पंचनाम्यात. रेती मोजून ब्रास (१०० घनफूट) लिहिलेली नसते. नुसते 'भरलेली ट्रॉली' म्हटले, की परिमाण व त्यावर ठरणारा रेतीचा दंड दोन्ही लढाईत येतात. वाहतूक पासवरची वेळ, चेसिस क्रमांक, वाहन नदीपात्रात होते की रस्त्यावर, भरलेले होते की रिकामे, हेही राहून जाते. ओली रेती हौद्यात तशीच ठेवली तर पत्रा गंजतो, महिनोनमहिने उभ्या टिप्परचे टायर व बॅटरी जातात, आणि नुकसानीचा दावा टाळायचा तर ताबा देताना यंत्राची स्थिती लिहून दोन्ही पक्षांच्या सह्या घ्याव्या लागतात.