युकी भांबरी: मेलबर्ननंतरची वाट

जानेवारी 2009. मेलबर्नला जर्मनीच्या जॉर्गोडासचा 6-3, 6-1 असा फडशा पाडून दिल्लीच्या सोळा वर्षांच्या युकी भांबरीने ऑस्ट्रेलियन ओपन टेनिसचं कुमार एकेरीचं विजेतेपद पटकावलं. हा मान मिळवणारा तो पहिला भारतीय. त्याआधी कुमार गटात ग्रँड स्लॅम (टेनिसमधल्या चार सर्वांत मोठ्या स्पर्धांपैकी एखादी) एकेरी जिंकलेले भारतीय तिघेच: रामनाथन कृष्णन, रमेश कृष्णन आणि लिअँडर पेस. पुढे युकी कुमारांच्या जागतिक क्रमवारीतही अव्वल ठरला.

पण कुमार गटातलं यश वरिष्ठांच्या क्रमवारीत फारसं कामाला येत नाही. आधी सर्वांत खालच्या व्यावसायिक स्पर्धा (तेव्हा त्यांना फ्युचर्स म्हणत), मग त्यांच्या वरच्या दर्जाच्या चॅलेंजर, अशी एकेक पायरी चढावी लागते. मिळालेले गुण 52 आठवड्यांनी गळतात, त्यामुळे दुखापतीने सहा महिने घरी बसणारा खेळाडू खेळ न विसरताही शेकडो क्रमांक खाली घसरतो.

युकीचं नेमकं हेच झालं. 2015 मध्ये तो पहिल्या शंभरात आला. त्याच वर्षी मेलबर्नला पहिल्याच फेरीत समोर अँडी मरे आला. युकी सरळ सेटमध्ये हरला, तरी तिसरा सेट त्याने टायब्रेकपर्यंत (6-6 बरोबरीनंतरच्या निर्णायक गेमपर्यंत) ओढला. 2016 मध्ये कोपराच्या दुखापतीने क्रमवारीतली जागा गेली. तो पुन्हा चढला. 2017 मध्ये वॉशिंग्टनला गतविजेत्या गाएल मोन्फिसला हरवलं, नोव्हेंबरमध्ये पुण्यात बालेवाडीला रामकुमार रामनाथनविरुद्ध पहिला सेट गमावूनही चॅलेंजर जिंकली. 2018 मध्ये इंडियन वेल्सला बाराव्या क्रमांकाचा लुका पुई त्याच्यापुढे हरला आणि एप्रिलमध्ये युकी 83 व्या स्थानावर पोहोचला. एकेरीतली ही त्याची सर्वोच्च झेप.

मग गुडघा. 2019 आणि 2020 ही ऐन उमेदीची दोन वर्षं कोर्टाबाहेर गेली. ‘गुणवत्ता वाया घालवली’ असं त्याच्याबद्दल बोलणं मला सरळसरळ अन्यायकारक वाटतं. दोनदा शून्यातून पहिल्या शंभरात येणं येरागबाळ्याचं काम नव्हे.

पुनरागमनानंतर त्याने हळूहळू दुहेरीची कास धरली. 2023 मध्ये मायोर्कात लॉइड हॅरिससोबत एटीपी या पुरुषांच्या मुख्य व्यावसायिक मालिकेतलं पहिलं विजेतेपद मिळालं, 2025 मध्ये दुबईत अलेक्सेई पॉपिरिनसोबत आणखी एक. त्याच वर्षी अमेरिकन ओपनमध्ये न्यूझीलंडच्या मायकेल व्हीनसच्या साथीने तो प्रथमच ग्रँड स्लॅमच्या उपांत्य फेरीत पोहोचला. सॉल्सबरी-स्कुप्स्की या ब्रिटिश जोडीविरुद्ध पहिला सेट टायब्रेकवर घेतला, दुसरा टायब्रेकवरच निसटला, तिसरा 4-6 गेला.