पियानोमागची मालकी: इन्ग्रिड मायकलसनच्या कारकिर्दीची पार्श्वभूमी

2007 च्या हिवाळ्याच्या तोंडावर अमेरिकेतल्या टीव्हीवर ओल्ड नेव्ही या कपड्यांच्या कंपनीची स्वेटरची जाहिरात लागायची. मागे एका छोट्याशा गाण्याचा तुकडा वाजायचा. 'द वे आय अ‍ॅम' हे ते गाणं, अख्खं मिळून सव्वादोन मिनिटांचं. थंडी वाजत असेल तर माझा स्वेटर घे, अशा अर्थाची एक ओळ त्यात होती, म्हणजे स्वेटर विकणाऱ्याला आयतंच सापडलेलं. गाणारी कोण, हे तोवर फार थोड्यांना ठाऊक होतं. गाणं बिलबोर्ड या संगीतविषयक नियतकालिकाच्या हॉट 100 या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत 37 व्या क्रमांकापर्यंत चढलं आणि इन्ग्रिड मायकलसन हे नाव लोकांच्या तोंडी आलं.

तेव्हापासून तिची गोष्ट 'जाहिरातीनं नशीब उघडलं' याच थाटात सांगितली जाते. मला ती अर्धवट वाटते. जाहिरातीत गाणं लागलेले गायक पुष्कळ असतात आणि त्यातले बरेचसे पुढच्या हिवाळ्यापर्यंत विसरलेही जातात. इथे बघण्यासारखी गोष्ट वेगळी आहे. जाहिरात आली त्या दिवशी ते गाणंही तिचं होतं आणि त्याचं ध्वनिमुद्रणही तिचंच होतं. कुठल्याही बड्या रेकॉर्ड कंपनीशी तिचा करार नव्हता.

हे वेगळं का, हे कळायला अमेरिकेतल्या पॉप गाण्याचा हिशेब थोडा समजून घ्यावा लागतो. एका गाण्यात दोन मालमत्ता असतात. एक म्हणजे रचना, शब्द आणि चाल. दुसरी म्हणजे त्या रचनेचं एक ठरावीक ध्वनिमुद्रण, ज्याला त्या धंद्यात 'मास्टर' म्हणतात. पहिलीचे हक्क लिहिणाऱ्याकडे आणि त्याच्या प्रकाशकाकडे असतात. दुसरीचे हक्क बहुतेक वेळा रेकॉर्ड कंपनी घेते. कंपनी गायकाला आगाऊ रक्कम देते, स्टुडिओचा खर्च उचलते आणि मग तो पैसा गायकाच्या वाट्याच्या रॉयल्टीतून वळता करून घेते. वाटा आधीच लहान, त्यातून उचल फिटायची. कित्येकांची आयुष्यभर फिटत नाही, आणि फिटली तरी मास्टर कंपनीचाच राहतो. कर्ज फेडूनही घर सावकाराच्याच नावावर, असा हा व्यवहार. तिथल्या साध्या रेडिओचा नियम तर याहून मजेशीर: गाणं वाजलं की पैसे लिहिणाऱ्याला मिळतात, गाणाऱ्याला मिळत नाहीत.

म्हणून तिथे स्वतः लिहून स्वतः गाणाऱ्याला अर्थ आहे. आपल्या कानाला गीतकार, संगीतकार आणि गायक ही तीन वेगळी माणसं असायची सवय आहे. भावगीतांपासून चित्रपटगीतांपर्यंत रेडिओवरचा निवेदकही तीन नावं घेतो. अमेरिकेतसुद्धा 1960 च्या आसपास असंच होतं. न्यूयॉर्कच्या 1650 ब्रॉडवे या इमारतीत आल्डन म्युझिक नावाची प्रकाशन कंपनी होती. छोट्या छोट्या खोल्या, प्रत्येकीत एक पियानो, आणि त्यापुढे बसून दुसऱ्यांसाठी गाणी पाडणारी पंचविशीच्या आतली पोरं. शेजारच्या खोलीतली चाल भिंतीतून ऐकू यायची. कॅरोल किंग तिथलीच. तिनं जेरी गॉफिनच्या जोडीनं लिहिलेलं गाणं शिरेल्स या गटानं गायलं आणि जानेवारी 1961 मध्ये ते यादीत पहिलं आलं, तेव्हा ती 18 वर्षांची होती. स्वतःच्या पियानोवर स्वतःचीच गाणी गात ती खऱ्या अर्थानं लोकांसमोर आली ती 1971 च्या 'टॅपेस्ट्री'मध्ये, म्हणजे दहा वर्षांनी.

पियानोवाल्या गायिकांची वाट तिथून रुंद झाली. 1992 मध्ये टोरी एमॉस, 1996 मध्ये फिओना अ‍ॅपल, 2002 मध्ये नोरा जोन्स. पण या सगळ्या कंपन्यांच्या छत्राखाली होत्या. कंपनीशिवाय जगता येतं हे दाखवलं ते एका गिटारवालीनं. बफेलोची अ‍ॅनी डिफ्रँको हिनं 1990 च्या सुमारास राइटियस बेब नावाचं आपलंच लेबल, म्हणजे स्वतःची रेकॉर्ड कंपनी, काढलं आणि कार्यक्रम करत, कॅसेट विकत गावोगाव हिंडली. तिला वेळ लागला आणि पायपीट भरपूर झाली. शिवाय गिटार पाठीला अडकवून बसमध्ये चढता येतं, पियानो नाही. लहानशा कॅफेत बरा पियानो मिळायची खात्री नसते. मिळाला तर सुरात असेल याची त्याहून नसते. मग 88 पट्ट्यांचा वजनदार कीबोर्ड स्वतःच वाहायचा, त्याचा स्टँड वाहायचा आणि जिना असेल तर देवाचं नाव घ्यायचं. पियानोवाल्यांना स्वतंत्र राहणं अवघड गेलं त्यात हाही भाग असावा, असं मला आपलं वाटतं.

मायकलसनचा जन्म 8 डिसेंबर 1979 चा, न्यूयॉर्कचा. वाढली स्टेटन आयलंडवर. मॅनहॅटनहून फुकटच्या फेरीबोटीनं पंचवीस मिनिटांत पोचता येणारं, आणि तरी मॅनहॅटनवाल्यांना लांब वाटणारं बेट. वडील कार्ल मायकलसन संगीतरचनाकार. आई एलिझाबेथ एगबर्ट शिल्पकार, पुढे स्टेटन आयलंड म्युझियमच्या प्रमुख. म्हणजे कलेवर पोट भरतं की नाही हा प्रश्न घरात नवा नव्हता. पियानो ती चौथ्या वर्षापासून शिकली, पण पदवी घेतली बिंगहॅम्टन विद्यापीठातून आणि तीही नाट्यकलेची. त्यानंतर तिनं मुलांच्या नाटकांत काम केलं, मुलांना नाटक शिकवलं. नटी व्हायचं होतं. गाणी बाजूला लिहिली जात होती.

2005 मध्ये 'स्लो द रेन' हा पहिला अल्बम तिनं स्वतःच काढला. 2006 मध्ये दुसरा, 'गर्ल्स अँड बॉइज'. आपल्या लेबलला नाव दिलं केबिन 24. लेबल म्हटल्यावर डोळ्यांसमोर कचेरी येते. इथे कचेरी वगैरे काही नव्हतं. हे अल्बम स्वतः काढण्यामागे मोठं बंड होतं असं मानायचं कारण नाही. दारात कुणी उभंच नव्हतं, म्हणून स्वतः काढले. नंतर याच गोष्टीचा फायदा झाला.

वेळ मात्र बरोबर साधली गेली. 1998 पासून सीडी बेबीसारखी सोय होती: पेटीभर सीडी पाठवा, ते गिऱ्हाइकाला पोचवतील. एप्रिल 2003 मध्ये अ‍ॅपलचं आयट्यून्स हे इंटरनेटवरचं दुकान उघडलं आणि एक गाणं 99 सेंटला विकलं जाऊ लागलं. त्याच वर्षी मायस्पेस ही समाजमाध्यमाची वेबसाइट सुरू झाली. आज ते नाव काढलं की लोक हसतात, पण तेव्हा अनोळखी गायकानं चार गाणी टांगून ठेवायची खुंटी तीच होती. गाणी टीव्हीवाल्यांपर्यंत नेणाऱ्या सीक्रेट रोड या कंपनीच्या नजरेला मायकलसन पडली ती मायस्पेसवरच.

टीव्हीवरही तेव्हा बदल घडत होता. 2003 च्या 'द ओ.सी.'पासून तरुण मालिकांमध्ये पार्श्वसंगीताच्या जागी अख्खी गाणी वाजवायची पद्धत रुळली. ती निवडणारी अलेक्झांड्रा पत्सावस हे त्या वर्तुळातलं मोठं नाव. मार्च 2005 मध्ये सुरू झालेल्या 'ग्रेज अ‍ॅनाटमी' या इस्पितळातल्या मालिकेची गाणीही तीच निवडायची. भाग दर आठवड्याला जायचा, बजेट बेताचं, आणि प्रत्येक गाण्यासाठी दोन परवानग्या लागायच्या: रचनेची एक, मास्टरची एक. नामांकित गायकाच्या बाबतीत दोन्ही मोठ्या कंपन्यांच्या दोन वेगळ्या खात्यांत अडकलेल्या असायच्या. मायकलसनकडे दोन्ही एकाच हातात. एका ठिकाणी विचारलं की काम झालं. तिची गाणी चांगली होती हे तर आहेच, पण सोमवारी विचारून शुक्रवारी वापरता येणारं चांगलं गाणं संपादकाला जास्त प्रिय असतं, हेही तितकंच खरं.

'ग्रेज'नं तिची एकापाठोपाठ एक गाणी घेतली. 17 मे 2007 ला तिसऱ्या पर्वाचा शेवटचा भाग दाखवला गेला. लग्न मोडून घरी परतलेली मालिकेतली डॉक्टर क्रिस्टिना गळ्यातला दागिना ओढून काढते, श्वास कोंडतो, आणि मागे 'कीप ब्रीदिंग' सुरू होतं. शब्द फारसे नाहीत. श्वास घेत राहा एवढंच पुन्हा पुन्हा म्हटलंय, आणि त्याखाली वाद्यं एकेक करून चढत जातात. त्या प्रसंगानंतर ओल्ड नेव्हीची जाहिरात आली. म्हणजे 'रातोरात' म्हणतात त्या रात्रीला निदान दोन वर्षं लागली होती.

मग कंपन्यांचे दरवाजे उघडले. तिनं सप्टेंबर 2007 मध्ये 'गर्ल्स अँड बॉइज' पुन्हा बाजारात आणला तो ओरिजिनल सिग्नल या छोट्या कंपनीच्या साथीनं, केबिन 24 चं नाव कायम ठेवून. हाच साचा पुढे टिकला. 2012 चा 'ह्यूमन अगेन' आणि 2014 चा 'लाइट्स आउट' हे मॉम प्लस पॉप या न्यूयॉर्कच्या स्वतंत्र लेबलच्या जोडीनं आले आणि दोन्ही बिलबोर्डच्या अल्बमयादीत पाचव्या क्रमांकापर्यंत पोचले. 'स्वतंत्र' म्हणजे एकटीनं सगळं करणं नव्हे. दुकानात माल पोचवायला माणसं लागतात, आणि ती भाड्यानं घ्यायची की त्यांना घर लिहून द्यायचं, एवढाच प्रश्न असतो.

रचनेच्या हक्काचं एक उदाहरण मला फार आवडतं. 'पॅराशूट' हे गाणं तिनं मार्शल ऑल्टमनसोबत लिहिलं. ते गेलं ब्रिटनच्या शेरिल कोल या गायिकेकडे. 2010 मध्ये ते तिथल्या यादीत पाचवं आलं. कॅरोल किंगच्या जमान्यातला जुना धंदा, दुसऱ्यासाठी लिहिण्याचा, इथे सहज सुरू राहिला. (आपल्याकडे गीतकार-संगीतकारांना रॉयल्टीचा हक्क सोडून देता येणार नाही अशी तरतूद कायद्यात यायला 2012 साल उजाडलं, आणि त्यासाठी जावेद अख्तरांना राज्यसभेत भांडावं लागलं.)

2014 मध्ये तिची आई गेली. 2016 चा 'इट डझन्ट हॅव टू मेक सेन्स' हा अल्बम त्या दुःखातून आलेला आहे. जाहिरातीत बसतील अशी गाणी त्यात शोधू नयेत. तिच्या ज्या श्रोत्यांना फक्त स्वेटर माहीत आहे त्यांनी इथून सुरुवात करावी, असं मी सांगेन. पुढच्याच वर्षी उन्हाळ्यात ती ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीवर, उभी राहिली, 'नताशा, पिएर अँड द ग्रेट कॉमेट ऑफ 1812' या संगीतिकेत सोन्या म्हणून. नटी व्हायची जुनी इच्छा अशी पुरी झाली.

त्यानंतर ती रंगभूमीवर परतली ती लिहिणारी म्हणून. 'द नोटबुक' या कादंबरीवरच्या संगीतिकेची गीतं आणि संगीत तिचं, संहिता बेका ब्रन्स्टेटर यांची. 2022 मध्ये शिकागोत पहिला प्रयोग, आणि 14 मार्च 2024 ला न्यूयॉर्कच्या शोनफेल्ड थिएटरमध्ये. चित्रपटासाठी लिहिलेलं सहसा निर्मात्याचं होतं. ब्रॉडवेवर मात्र लेखक आणि संगीतकार आपल्या रचनेचा स्वामित्वहक्क स्वतःकडे ठेवतात, अशी तिथली जुनी रीत आहे. शोनफेल्ड आहे 45 व्या रस्त्यावर, आणि कॅरोल किंग जिथे पियानो बडवायची ती 1650 ब्रॉडवेची इमारत 51 व्या रस्त्याशी. चालत गेलं तर दहा मिनिटंही लागत नाहीत. डिसेंबर 2024 पर्यंत शोनफेल्डमध्ये मायकलसनची गाणी दुसरी माणसं गात होती.